16 मिमीची जुनी रिळं: प्रोजेक्टर लावावा की थेट स्कॅन?

केळीपान (सावदा)
सावदा स्टेशनात केळीच्या वॅगन भरताना आणि तापीकाठच्या बागा, अशी 16 मिमीची काही मूक रिळं मिळाली आहेत, प्रत्येकी 100 फूट. डबा उघडला की आंबट वास येतो. प्रोजेक्टर चालू आहे. भिंतीवर लावून कॅमेऱ्याने टिपलं तर चालेल का? माहितीपटात काँग्रेसच्या फैजपूर अधिवेशनाची दृश्यंही हवीत.

रीळदादा
प्रोजेक्टर अजिबात लावू नका! आंबट वास म्हणजे अ‍ॅसिटेटची प्लॅस्टिक पट्टी कुजतेय. त्यातून अ‍ॅसिटिक आम्ल सुटतं, पट्टी आकसते, मग कडेची छिद्रं प्रोजेक्टरच्या दात्यांवर बसत नाहीत आणि फाटत जातात. आधी मोजा. पट्टी सपाट ठेवून, न ताणता, लागोपाठच्या 100 छिद्रांचं अंतर घ्या. मूळचं साधारण 762 मिमी असतं. 754 भरलं तर जवळपास 1 टक्का आकसली. ती फक्त बिनदात्यांच्या, रोलरवर चालणाऱ्या स्कॅनरवर द्यायची.

वासाची रिळं बाकीच्यांपासून वेगळी ठेवा. हवाबंद डब्यात कोंडू नका, कोंडलेलं आम्लच कुज वाढवतं. आपल्याकडच्या मे महिन्यात पत्र्याखालचा माळा तर नकोच. ओल्या फडक्याने पुसू नका, चित्र असलेला जिलेटिनचा थर फुगून सुटतो.

चौकट
स्कॅन करणाऱ्याला सांगा: एकेक चौकट (फ्रेम) स्वतंत्र, किमान 2के (सुमारे 2000 ठिपके रुंद), आणि कडा-छिद्रं दिसतील इतकी रुंद. कोडॅकच्या पट्टीच्या कडेला वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशा खुणा असतात. त्यावरून पट्टी कोणत्या वर्षी बनली ते कळतं. त्या दर 20 वर्षांनी परत येतात, म्हणून वॅगन, कपडे यांच्याशी ताडून पाहा. शूटिंग त्यानंतरचंही असू शकतं.

गतीकडे लक्ष द्या. 100 फुटांत 4000 चौकटी. मूक रीळ सेकंदाला 16 चौकटींच्या गतीने घेतलेलं असेल तर ते 4 मिनिटं 10 सेकंद चालतं. एडिटिंगच्या सेकंदाला 25 चौकटींच्या टाइमलाइनवर प्रत्येक चौकट एकदाच ठेवली तर 2 मिनिटं 40 सेकंदांत संपतं आणि हमाल तुरुतुरु पळतात. क्लिपची गती आधीच 16 लावा. मधल्या चौकटी सॉफ्टवेअरकडून बनवून घेऊ नका, केळीचे घड हवेत विरघळल्यासारखे दिसतात.

केळीपान
मोजून पाहतो. फैजपूरचं काय? आणि हक्क?

रीळदादा
फैजपूर (डिसेंबर 1936, अध्यक्ष नेहरू) आणि हरिपुरा (1938, अध्यक्ष सुभाषचंद्र बोस) यांत गल्लत होऊ शकते. दोन्हीकडे सजावट नंदलाल बोस यांची, म्हणून नुसत्या मंडपावरून ठरवू नका. अध्यक्ष ओळखू येईल तेवढाच तुकडा वापरा. बाकीचा कितीही देखणा असला तरी सोडा. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आधी चौकशी करा.

हक्कांचं म्हणाल तर आपल्याकडे प्रदर्शित चित्रफितीचा कॉपीराइट पुढच्या वर्षारंभापासून 60 वर्षं. घरगुती रीळ कधी प्रदर्शितच झालं नसेल तर हा हिशेब लागू होत नाही. ज्यांच्या घरून आलं त्यांची लेखी परवानगी स्कॅनला देण्याआधी घ्या, त्यात रिळांचे क्रमांक घाला.