मडक्याला फोडणी? ('टेम्पर'ला मराठी शब्द)

खाडीकाठ: रत्नागिरीत पाऊस मी म्हणतोय आणि मी हातघडणीच्या जुन्या भांड्यांवरच्या एका टिपणाचं भाषांतर करत बसलोय. त्यात 'टेम्पर' आलंय. मातीत वाळू, कुटलेले शिंपले, तूस, खापरांचा चुरा घालतात ना, म्हणजे वाळताना ती कमी आकसते आणि भाजताना तडकत नाही, ते. यंत्राने दिलं 'शिंपल्यांची फोडणी दिलेलं मडकं'. कोशात पोलादाला पाणी देणं. शब्द सुचवा, उद्या सकाळी द्यायचंय.

शुद्धमती: संस्कारद्रव्य.

सुरमईप्रेमी: सोळातला कितवा?

दापोलीची: आजी चूल घालताना चाळलेल्या मातीत भाताचं तूस मळायची. मूठ दाबून उघडायची, माती बोटांना लोंबली की "अजून तूस आण गो, नाहीतर उकलेल." जुन्या चुलीचा काठ तुटला तेव्हा आत तुसाच्याच आकाराच्या बारीक खाचा दिसल्या. तूस जळून गेलेलं, जागा तेवढी राहिलेली. पण त्या घालण्याला नाव नव्हतं. तूस ते तूस.

जांभा: मग 'मोहन' म्हणा. चकलीच्या पिठात घालतो तसं.

शुद्धमती: मोहन स्निग्ध असतं. इथे चिकट मातीचा चिकटपणा मोडायचाय.

दापोलीची: आणि मडकं खुसखुशीत झालं तर?

गवंडीकाका: खापरांच्या चुऱ्यापुरता शब्द आमच्याकडे तयार आहे: सुरखी. चुन्यात विटांचा भुगा घालतो ती. एकदा भाजलेली माती पुन्हा आकसत नाही, म्हणून ती चालते.

शुद्धमती: फारसी! सुर्ख म्हणजे लाल.

सुरमईप्रेमी: खापर काळं असलं तर काळी सुरखी म्हणू.

खाडीकाठ: शिंपल्यांचं कोडं सुटत नाहीये. आपण ते भाजून चुना करतो, मग मडक्यात ते टिकतात कसे?

गवंडीकाका: आच जास्त झाली की टिकत नाहीतच. साधारण 800 अंशांच्या आसपास शिंपल्याची चुनकळी होते. मडकं निवल्यावर ती हवेतली ओल पिते, फुगते आणि अंगाचे टवके उडवते. म्हणून आच बेताची ठेवायची. मातीत मीठ किंवा खारं पाणी असलं तर हा त्रास कमी होतो. अमेरिकेत मिसिसिपीच्या खोऱ्यातल्या लोकांनी शिंपल्यांची मडकी शतकानुशतकं चुलीवर ठेवली. तापल्यावर शिंपला जवळपास मातीइतकाच फुगतो. गारगोटीची वाळू जास्त फुगते, आणि 573 अंशांना तर एकदम उसळी घेते.

जांभा: म्हणजे आपल्या समुद्राचं पाणी कामाचं. आणि 'चुना' हा 'चूर्ण'वरून आलाय, मग शिंपल्यांच्या भुकटीला 'चूर्ण' का नको?

दापोलीची: मधातून घ्यायचं का?

खाडीकाठ: तूर्त 'भर' लिहितो.

शुद्धमती: भर उशीत घालतात. शिवाय 'मातीत भर' म्हटलं की वाचक बांधबंदिस्ती समजेल.

सुरमईप्रेमी: खापरावरून आठवलं. हल्ली खापरोळी बिडाच्या तव्यावर करतात, मग तिला खापरोळी का म्हणावं?

मालवणकर: खापरोळी खापरारच व्हयी!

दापोलीची: नाव खापराचं, पण खरी ओळख नारळाच्या रसाची. रसात गूळ किती घालता तेवढं सांगा.