‘एकलकोंडा’ की आणखी काही?

प्रश्न : घरात आई-वडील, आजी, सगळे आहेत. जेवणखाण, फी, क्लास, कशाला कमी नाही. पण मुलाशी कामापुरतं सोडून कुणी बोलत नाही. अशा मुलाबद्दल लिहिताना त्याला ‘एकलकोंडा’ म्हणणं बरोबर आहे का?

– माझ्या मते नाही. एकलकोंडेपणा हा स्वभाव झाला. ज्याला माणसांत रमायचंच नाही तो एकलकोंडा. या मुलाला रमायचं आहे, पण रमायला कुणी नाही. तो एकटा पडलाय. एडवर्ड ट्रॉनिक या अमेरिकन मानसशास्त्रज्ञांनी 1978 मध्ये तान्ह्या मुलांवरचा एक प्रयोग मांडला होता. आईनं चेहरा निर्विकार ठेवला की बाळ आधी हसून, हातवारे करून तिला बोलवायचा प्रयत्न करतं आणि कशानंच जमलं नाही की तोंड फिरवतं. नुसतं ते फिरवलेलं तोंड पाहणारा त्याला एकलकोंडा म्हणेल.

– आमच्याकडं कोल्हापुरात अशा पोराला दोन शब्द मिळतात. नातेवाईक म्हणतात ‘घुमं’. शेजारचे म्हणतात, ‘लई गुणाचं पोरगं, कुणाच्या अध्यात न्हाई मध्यात न्हाई.’ हे दुसरं मला जास्त लागतं. मागून काही मिळत नाही हे कळल्यावर ते मागायचं थांबलंय आणि त्याचंच कौतुक चाललंय. शाहू महाराजांनी 1901 पासून इथं बोर्डिंगं काढली, खेड्यापाड्यातली पोरं घर सोडून त्यांत राहिली, शिकली. घरापासून लांब राहणं वेगळं आणि घरात राहून लांब असणं वेगळं.

– मग ‘पोरका’?

– ‘आईबाप असून पोरकं’ असं म्हणतात खरं, पण ‘असून’ जोडावंच लागतं. नुसतं ‘पोरका’ वाचलं की आईबाप गेले असंच वाटणार. मी ‘आबाळ’ सुचवेन.

– पण आबाळ खाण्यापिण्याची, तब्येतीची होते ना?

– बहुतेकदा त्याच अर्थानं येतो, मान्य. तरी ‘मायेची आबाळ’ म्हटलं तर कुणाही मराठी माणसाला कळतं. शिवाय ‘एकलकोंडा’, ‘घुमा’ ही पोराची विशेषणं आहेत, ठपका त्याच्यावरच येतो. आबाळ मोठ्यांच्या हातून होते. समुपदेशनाच्या अहवालात ‘भावनिक दुर्लक्ष’ चालेल. आजीच्या तोंडी वाक्य घालायचं असेल तर ‘पोराला काय कमी केलं न्हाई, पर मायेची आबाळ झाली’ असं लिहा.