मानीव दिनांक मिळाला, पण थकबाकी "अनुज्ञेय नाही". पुढे काय?

प्रश्न – एस_सहा_वाला
महाराष्ट्र शासनाचं कार्यालय. लिपिक (वेतनस्तर एस-6) ते वरिष्ठ लिपिक (एस-8) अशी पदोन्नती. ज्येष्ठता यादीत कार्यालयाची चूक होती, त्यामुळे कनिष्ठ आधी गेला. आता 1 ऑगस्ट 2022 हा मानीव दिनांक (त्या दिवसापासून पदोन्नती झाली असं मानायची तारीख) दिला आहे, पण आदेशाच्या शेवटी "वेतननिश्चिती काल्पनिक, थकबाकी अनुज्ञेय नाही" असं आहे. ही ओळ कुठल्या आधारावर टाकतात? आणि एकूण रक्कम किती निघेल?

आस्थापना_टेबल
आधार म्हणजे सेवेच्या सर्वसाधारण शर्ती नियम, 1981 मधला नियम 32. नवं पद जास्त जबाबदारीचं असेल तर वाढीव वेतन पदभार घेतल्यापासून, असा त्याचा आशय. "काम नाही तर वेतन नाही" हे सूत्र त्याला जोडतात आणि ओळ छापून मोकळे होतात.

पण हे सूत्र सरसकट लागत नाही. जानकीरामन (1991) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की कर्मचारी काम करायला तयार असताना त्याची चूक नसताना प्रशासनानेच दूर ठेवलं, तर ते लागू होत नाही. ते प्रकरण मोहोरबंद पाकिटाचं (चौकशीमुळे पदोन्नतीचा निर्णय पाकिटात बंद ठेवल्याचं) होतं, हे विसरू नका. भास्करन पिल्लई (2007) आणि रमेश कुमार (2015) हे निकाल तुमच्या बाजूला जास्त जवळचे. उलट, हरियाणा विरुद्ध ओ. पी. गुप्ता (1996) शासनाच्या बाजूने वापरतात, त्याचं उत्तर तयार ठेवा.

सगळं एका मुद्द्यावर फिरतं: विलंब कोणामुळे? विभागीय परीक्षा उशिरा पास, जात वैधता प्रमाणपत्र उशिरा, गोपनीय अहवाल तुमच्याकडे अडकलेला, यातलं काही असेल तर थकबाकी विसरा. कार्यालयाची चूक असेल तर ती आदेशातच नोंदलेली आहे का बघा. नसेल तर माहिती अधिकारात जुनी व दुरुस्त ज्येष्ठता यादी, विभागीय पदोन्नती समितीचं इतिवृत्त आणि कनिष्ठाचा आदेश मागवा.

हिशेबनीस
रकमेचं बोलू. समजा 1 ऑगस्ट 2022 ला मूळ वेतन 26,000. एक वेतनवाढ धरून 26,800, एस-8 मध्ये पुढचा टप्पा 27,100. फरक 1,100. 38 टक्के महागाई भत्त्याचे 418, 9 टक्के घरभाड्याचे (झेड वर्ग) 99, मिळून महिना 1,617. जानेवारी 2023 पासून 42 टक्क्यांनी 1,661, जुलैपासून 46 टक्क्यांनी 1,705. प्रत्यक्ष पदभार त्यानंतर मिळाला असं धरलं, तर डिसेंबर 2023 पर्यंत 28,281. वाहतूक भत्त्याचा टप्पा बदलतो का, ते वेगळं तपासा.

यात घात कुठे होतो? आश्वासित प्रगती योजनेत (पदोन्नती नसली तरी ठरावीक सेवेनंतर वरचा वेतनस्तर देणारी योजना). मानीव दिनांकाआधीच पहिला लाभ मिळाला असेल तर वेतन आधीच वरच्या स्तरात असतं, पदोन्नतीने नव्याने वाढ होत नाही आणि थकबाकी शून्य येते. लाभ मानीव दिनांकानंतर मिळाला असेल तर फरक फक्त मधल्या काळाचा. हे न पाहता बिल काढलं की वेतन पडताळणी पथक वसुली लावतं.

विकल्पाची (वेतननिश्चिती पदोन्नतीच्या तारखेपासून की पुढच्या वेतनवाढीपासून, हे निवडण्याची) मुदत एक महिन्याची असते. मानीव दिनांकाच्या आदेशापासून महिन्याच्या आत लेखी द्या, पोच घ्या.

एनपीएसमध्ये (राष्ट्रीय पेन्शन योजनेत) असाल तर थकबाकीवरही 10 टक्के कपात होते आणि शासनाचा 14 टक्के हिस्सा पडायला हवा. तो बहुतेक ठिकाणी कोणी तपासत नाही.

एस_सहा_वाला
आश्वासित योजनेचा लाभ अजून मिळालेला नाही. मग निवेदन देऊन वाट बघू?

आस्थापना_टेबल
निवेदन द्या, पण वाट बघण्याला मर्यादा आहे. योग्य मार्गाने नियुक्ती प्राधिकाऱ्याकडे एकच मुद्देसूद अर्ज करा: शेवटची ओळ वगळावी, सोबत तक्ता आणि कागद. सहा महिन्यांत उत्तर नाही आलं तर त्यापुढच्या एका वर्षात मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) अर्ज करता येतो. नकार आला तर नकाराच्या तारखेपासून एक वर्ष. स्मरणपत्रांवर स्मरणपत्रं पाठवून ही मुदत वाढत नाही, लोक इथेच बुडतात. जिल्हा परिषदेचे कर्मचारी असाल तर मॅट नाही, उच्च न्यायालय.

हिशेबनीस
आणि रक्कम एकदम मिळाली तर थकबाकीवरची आयकर सवलत (1961 च्या आयकर कायद्यात कलम 89). आयकर विवरणपत्र भरण्याआधी तिचा फॉर्म (त्या कायद्याखाली 10ई) ऑनलाइन भरा, नाहीतर सवलत नाकारून नोटीस येते. त्यासाठी थकबाकी वर्षनिहाय फोडलेला तक्ता बिलासोबतच मागून घ्या, नंतर लेखा शाखेत कोणी काढून देत नाही.