'वार्गानेट' म्हणजे नेटकरीच का?

प्रश्न : इंडोनेशियातील यूट्यूबवरच्या चित्रफितींविषयीचा मजकूर मराठीत आणताना 'वार्गानेट' हा शब्द वारंवार आढळतो. त्यातील 'वार्गा' म्हणजे आपला 'वर्ग'च असल्याचे कळल्यामुळे 'जालवर्ग' असा प्रतिशब्द योजण्याचा विचार आहे. तो योग्य ठरेल का?

उत्तर : व्युत्पत्ती बरोबर आहे, पण प्रतिशब्द फसवा आहे. 'वार्गा' संस्कृत 'वर्ग'वरूनच आला. मात्र मराठीत वर्ग म्हणजे गट, श्रेणी किंवा शाळेतली खोली, तर इंडोनेशियन भाषेत तो शब्द समूहावरून सरकत समूहातील एका माणसापर्यंत, म्हणजे सदस्यापर्यंत पोहोचला. 'वार्गा नेगारा' म्हणजे नागरिक आणि 'वार्गा देसा' म्हणजे गावकरी. (येथे एक गंमत नोंदवण्याजोगी आहे : 'नगर' तिकडे जाऊन 'नेगारा' म्हणजे राष्ट्र झाले आणि 'देश' आक्रसून 'देसा' म्हणजे खेडे झाले. घाटमाथ्यावरच्या प्रदेशालाच 'देश' म्हणणाऱ्या आपल्याला त्याचे फार नवल वाटू नये.) 'वार्गा' आणि 'इंटरनेट' यांच्या संयोगातून 'वार्गानेट' घडला. त्यामुळे शेतकरी, गावकरी यांच्या चालीवर मराठी वृत्तपत्रांनी रुळवलेला 'नेटकरी' हाच त्याचा खरा जोडीदार होय. दिसायला जवळचा असलेला 'वार्नेट' मात्र वेगळा. त्यातील 'वार' हा 'वारुंग' म्हणजे छोट्या दुकानाचा वा टपरीचा संक्षेप असून 'वार्नेट' म्हणजे तासाच्या हिशेबाने संगणक वापरू देणारा सायबर कॅफे.

उपप्रश्न : मग त्याच मजकुरात 'नेटिझन' आणि 'वार्गा +६२' असेही शब्द येतात, त्या सर्वांसाठी 'नेटकरी' वापरावा का?

उत्तर : माझ्या मते वापरू नये, कारण या तिघांचा सूर निराळा आहे. 'वार्गानेट' हा बातमीतला, नीटनेटका शब्द आहे. 'नेटिझन' बातमीतही येतो, पण बोलण्यात त्याला अनेकदा खोचक छटा असते. चित्रफितीखाली अनाहूत सल्ले देणारा, वादात उडी घेणारा तो नेटिझन. '+६२' हा इंडोनेशियाचा दूरध्वनी संकेतांक असल्याने 'वार्गा +६२' म्हणजे शब्दशः 'बासष्टचे रहिवासी', आणि ते बहुधा स्वतःच्याच देशबांधवांच्या उचापतींवर हसताना म्हटले जाते. फेब्रुवारी २०२१ मध्ये मायक्रोसॉफ्टने ऑनलाइन सभ्यतेविषयीचा अहवाल प्रसिद्ध केला. त्यात ३२ देशांमध्ये इंडोनेशिया २९व्या स्थानी, म्हणजे पाहणीतील आग्नेय आशियाई देशांत तळाला होता. त्यावर संतापलेल्या मंडळींनी कंपनीच्या इन्स्टाग्राम खात्यावर प्रतिक्रियांचा असा भडिमार केला की तेथील प्रतिक्रियांची सोय बंद करावी लागली. अहवाल खोटा ठरवायला निघून त्यालाच पुरावा पुरवणारे हे लोक म्हणजे 'वार्गा +६२'. त्यांना नुसते 'नेटकरी' म्हटले तर विनोद हरवतो. 'आम्ही +६२वाले' असे म्हणून पहिल्या उल्लेखाच्या वेळी संकेतांकाचा खुलासा करणे मला अधिक बरे वाटते.

उपप्रश्न : 'माहा बनार नेटिझन' या प्रयोगाचे काय करावे? 'महा' आपलाच असल्यामुळे 'महाखरे नेटकरी' चालेल का?

उत्तर : 'बनार' म्हणजे खरा, बरोबर. 'माहा' मात्र मराठीतील 'महाबिलंदर', 'महाचिकट' यांमधल्यासारखा सैल वापरला जात नाही. इंडोनेशियन भाषेत तो मुख्यतः ईश्वराच्या विशेषणांना लागतो. 'पंचशील' म्हणजे इंडोनेशियाच्या राज्यव्यवस्थेची पाच आधारतत्त्वे; त्यांतील पहिल्या तत्त्वात ईश्वर 'माहा एसा' म्हणजे एकमेव म्हटला आहे. कुराणपठणानंतर 'परमसत्य आहे अल्लाह, त्याच्या सर्व वचनांसह' अशा अर्थाचे जे वाक्य म्हटले जाते, त्याच्याच साच्यावर 'परमसत्य आहे नेटिझन, त्याच्या सर्व प्रतिक्रियांसह' हे वाक्य बेतले गेले आहे. सर्वज्ञतेचा आव आणणाऱ्या माणसाला देवाच्या आसनावर बसवण्यात त्यातला टोमणा आहे. 'महाखरे' म्हटल्यास तो शाब्दिक कोटीपुरता उरेल. म्हणून येथे 'महा'चा मोह सोडून 'नेटकरी वदे तेचि सत्य' अशी प्रवचनी थाटाची रचना करावी, असे सुचवतो. अनुवाद अगदीच गंभीर असेल, तर मूळ शब्द ठेवून कंसात अर्थ द्यावा.