एका रात्रीत मुरलेलं लोणचं: कालपाकशास्त्राला नियम काय लावू?

आंबटगोड_७१
नमस्कार मंडळी, प्रश्न जरा विचित्र आहे, हसू नका. आमच्या सोसायटीच्या गणपतीत दरवर्षी हस्तलिखित निघतं, यंदा मी विज्ञानकथा देतो म्हणून बोलून बसलोय आणि पानं कोरी आहेत. कल्पना अशी की खानावळ चालवणाऱ्या एका बाईंना कालपाकशास्त्र नावाची विद्या येते, म्हणजे पातेल्याच्या आतला वेळ बाहेरच्यापेक्षा शंभरपट पळवायचा. बाहेर पाच मिनिटं झाली की आत आठ तास उलटलेले. रात्री कैऱ्या कालवून ठेवल्या की सकाळी महिनाभर मुरलेलं लोणचं, तासाभराची तुरीची डाळ ३६ सेकंदांत, असं सगळं. बायको म्हणते यात नवीन काय, कुकरनं हे कधीच केलंय. पण माझी अडचण वेगळी आहे, विद्या अशी फुकटात चालत राहिली तर गोष्ट पुढे जातच नाही, कुठेतरी घोडं अडायला हवं. शाप-बिप नकोत, खऱ्या विज्ञानातून येणारी अडचण सुचवा.

निवृत्त_बॉयलर
तुमची डाळ शिजणारच नाही, घोडं तिथेच अडलं. अहो गॅस बाहेर आहे ना? बाहेरचा एक सेकंद म्हणजे आतले शंभर, म्हणजे बर्नरनं एका सेकंदात दिलेली उष्णता आत शंभर सेकंदांना पुरवून खायची. बर्नर दोन किलोवॅटचा धरला तर आतल्या डाळीच्या वाट्याला वीस वॅट येतात, मेणबत्तीसुद्धा त्याहून जास्त देते. डाळ नुसती भिजत बसेल आणि मग आंबेल.

वहिनींचं कुकरचं म्हणणं मात्र अर्धं बरोबर आहे. कुकरात घड्याळ तेच राहतं, घाई होते ती रेणूंना. आतला दाब बाहेरच्या दुप्पट झाला की पाणी १०० ऐवजी १२० अंशांच्या आसपास उकळतं, आणि ढोबळ हिशेब असा की दर १० अंशांना रासायनिक क्रियेचा वेग साधारण दुप्पट होतो, म्हणजे २० अंशांना चौपट, म्हणून तासाची डाळ पंधरा मिनिटांत. लेहला उलटं, तिथे पाणी ८८ अंशांच्या आसपासच उकळायला लागतं आणि उघड्या पातेल्यात डाळ दाद देत नाही. फ्रीज हाही त्याच हिशेबातला, फक्त उलट्या बाजूनं. दनी पापँ नावाच्या फ्रेंच माणसानं १६७९ मध्ये हाडं मऊ करणारं दाबाचं भांडं केलं, सुरक्षा झडपही त्याचीच, आणि १६८२ मध्ये लंडनला रॉयल सोसायटीच्या मंडळींना त्यात शिजवलेलं जेवण घातलं. तुमच्या बाईंना एखादा पूर्वज हवा असेल तर हा घ्या.

खमंग_काकू
मग नियम सोपा झाला की. जे चुलीवर होतं ते या पातेल्यात होणार नाही आणि जे कोपऱ्यात झाकून ठेवून होतं ते होणार. लोणचं होईल, दही लागेल, इडलीचं पीठ फुगेल. पापड-कुरडया नाही वाळणार कारण ऊन बाहेरच राहिलं. आणि अनारसे! त्याचे तांदूळ तीन दिवस भिजवतात आणि पाणी रोज बदलावं लागतं, तर तुमच्या पातेल्यात तीन दिवस म्हणजे त्रेचाळीस मिनिटं, त्यात दर चौदा मिनिटांनी पाणी बदलायला उठा. एक पाणी चुकलं की पुढे तुपात सोडल्यावर अनारसे हसले तर मला सांगू नका. दह्याचं तर आणखी अवघड, विरजण लावलं आणि नणंदेचा फोन आला, पाच मिनिटं बोललं तर ठीक, पंधरा बोललं की आत एक अख्खा दिवस गेला आणि दही इतकं आंबट की कढीशिवाय गत्यंतर नाही. तुमच्या बाई फोनच उचलत नसतील म्हणून त्यांच्याविषयी गावात काय काय बोललं जात असेल ते लिहा, चांगलं जमेल.

माळ्यावरचा
वेळ पळवायला विद्या लागत नाही, माळा पुरतो. आइन्स्टाइनच्या हिशेबानं उंचावरचं घड्याळ थोडं पुढे पळतं, त्यामुळे जमिनीपेक्षा दोन मीटर वर ठेवलेली बरणी वर्षभरात साधारण ७ नॅनोसेकंद जास्त मुरते 😄

सिरियसली सांगायचं तर पातेल्याला काचेचं झाकण देऊ नका. कोमट दह्यातूनही सतत इन्फ्रारेड बाहेर पडत असतो, आपल्याला दिसत नाही इतकंच. आतला वेळ शंभरपट पळतोय म्हटल्यावर बाहेर येताना त्याची वारंवारता पण शंभरपट होणार, म्हणजे थेट अल्ट्राव्हायोलेट. दही लागलं का बघायला वाकलेला माणूस डोळे चोळत बसेल. जाड पितळी झाकण, आणि डोकावायचं नाही.

पाण्यापलीकडची
मी न्यू जर्सीहून. हिवाळ्यात आमच्याकडे इडलीचं पीठ दोन दोन दिवस ढिम्म हलत नाही, अव्हनचा नुसता दिवा लावून आत ठेवावं लागतं, तेव्हा हे पातेलं मला आधी पाठवा. पण त्याहून जास्त मला उलटा डबा हवाय, आतला वेळ शंभरपट हळू. आईनं पुण्यात उकडीचे मोदक डब्यात घातले तर वीस तासांचा प्रवास म्हणजे आत बारा मिनिटं, तूप सोडायचं आणि खायचं. याला काही आडकाठी आहे का हो काका?

निवृत्त_बॉयलर
नाही, हा डबा चांगला आहे. फक्त कोणी प्रेमानं गरम करायला गॅसवर ठेवू नका, आतून बघितलं तर ज्योत शंभरपट प्रखर, मोदकाचा कोळसा होईल.

आंबटगोड_७१
काका, काकू, सगळ्यांचे आभार, हे तर घबाड मिळालं. एकच राहिलं, बाई चव कशी बघतात? हात घातला तर?

माळ्यावरचा
हात घातला तर हृदय बाहेर आणि बोटं आत. बोटांच्या हिशेबानं नाडीचा एक ठोका पडून दुसरा पडेपर्यंत दीड मिनिट, हात बधिर होणार आणि गार पडणार. लांब दांड्याचा डाव वापरायला सांगा. पण बाई हट्टी असतील आणि रोज एकूण मिनिटभर हात घालत असतील तर हिशेब करून बघितला, दिवसाला आतली शंभर मिनिटं, तीस वर्षांत जवळपास दोन वर्षं होतात. म्हणजे उजवा हात डाव्यापेक्षा दोन वर्षांनी मोठा. मला वाटलं होतं निदान वीसेक तरी येतील.

आंबटगोड_७१
दोन पुरेत, उजव्या मनगटातली बांगडी जरा सैल करतो, कोणाच्या लक्षात आलं तर आलं. अनारशाचं चौदा मिनिटांचं बायकोला वाचून दाखवलं. ती म्हणाली दर चौदा मिनिटांनी गजर लावून कोण बसणार, त्यापेक्षा तीन दिवस बरे, निदान मधे झोपता तरी येतं.