मदत हवी आहे: 'एक्सप्लोरर' (1968) मधल्या विणलेल्या फ्रेम मूळच्या की कॉपीतला दोष?

गाळीव
आमच्या फिल्म क्लबात फिल्म्स डिव्हिजनच्या साठच्या दशकातल्या लघुपटांचा खेळ लावतोय. त्यात दिग्दर्शक प्रमोद पतींचे 'एक्सप्लोरर' आणि 'क्लॅक्सप्लोजन' आहेत. 'एक्सप्लोरर'ची हाताशी असलेली फाइल 720 गुणिले 480, सेकंदाला 29.97 फ्रेमची आहे. व्हीएलसी प्लेअरमध्ये 'ई' दाबत एकेक फ्रेम सरकवली की मधूनच दोन वेगळ्या प्रतिमा एकमेकींत विणलेल्या दिसतात, कंगव्याच्या दातांसारख्या आडव्या रेघांनी. डीइंटरलेस (विणलेल्या रेघा काढायची सोय) केलं की रेघा जातात, पण एकावर एक पुसट चित्रं उरतात. हे पतींनी मुद्दाम केलंय का? की कॉपीची भानगड? जाणकारांनी सांगावं.

रीळमास्तर
रेघा पतींच्या नाहीत. फिल्मवर आडव्या ओळी नसतातच, त्या व्हिडिओच्या. सलग पाच फ्रेम पाहा: तीन स्वच्छ, दोन विणलेल्या, पुन्हा तीन, पुन्हा दोन. असं चक्र असेल तर तो 3:2 पुलडाउन. सेकंदाला 24 फ्रेमची फिल्म 30च्या घरात बसवायला चार फ्रेमच्या पाच केलेल्या असतात. हे उलटवता येतं. डीइंटरलेस आधी बंद करा. 'ब्लेंड' करून, म्हणजे दोन प्रतिमा एकमेकींत मिसळून सेव्ह केलेली फाइल मात्र पूर्ण दुरुस्त करणं जवळजवळ अशक्य.

फिल्मवरच एकावर एक प्रतिमा छापलेली, म्हणजे खरी दुहेरी छपाई असेल तर ती स्वच्छ फ्रेममध्येही दिसते, आणि तिला दात नसतात.

गाळीव
चक्र तीन-दोनचंच आहे, धन्यवाद! आपोआप उलटवणारा फिल्टर लावला. शीर्षकं नीट आली, पण पुढे झपझप कट सुरू झाले की पुन्हा फाटतं.

रीळमास्तर
फाटणारच. फिल्टर शेजारशेजारच्या फ्रेमची तुलना करून चक्र ओळखतो. एक-दोन फ्रेमवर कट आला की शेजारी सारखं काहीच उरत नाही, मग तो अंदाज मारतो. एखाद्या सावकाश जागी चक्राची सुरुवात शोधा आणि तो क्रम हाताने कायम करा. जुन्या टेपवर जोड दिलेला असेल तिथे चक्र बदलतं. तेवढ्यापुरतं पुन्हा मोजा.

अर्धा_पडदा
'क्लॅक्सप्लोजन'ला एक वेगळी खोच. तो पिक्सिलेशनचा, म्हणजे जिवंत माणसं फ्रेम-फ्रेम करून टिपलेली. अशा कामात एकाच पोझच्या दोन फ्रेम घेणं सर्रास चालतं. 'सारखी फ्रेम काढून टाक' म्हणणारा फिल्टर मूळचीच फ्रेम उडवतो आणि हालचाल धक्के खाते. दर पाचातली कोणती एक काढायची ते क्रमाने ठरवा, सारखेपणावर सोडू नका.

डीनॉइजही (चित्रातले कण पुसणारा फिल्टर) नको. तो मागच्या-पुढच्या फ्रेम मिसळतो, म्हणजे सगळी मेहनत पाण्यात.

गाळीव
जमलं, 23.976 ची स्वच्छ फाइल आली. पण थिएटरवाले 24 ची मागतात.

रीळमास्तर
फ्रेम तशाच ठेवून फक्त गती 24 करा. आवाजही 0.1 टक्का वेगवान करा. विसरलात तर सात मिनिटांत साधारण 0.4 सेकंदाची, म्हणजे दहा फ्रेमची तफावत पडते. 25 ची फाइल कुणी दिली तर तीही 24 वर आणा, नाहीतर विजय राघव रावांचं संगीत पाऊण स्वर चढेल.

अर्धा_पडदा
पाऊण अर्धस्वर म्हणा, मास्तर. साधारण 0.7.

रीळमास्तर
बरोबर, अर्धस्वर.

एन्कोड करताना सीआरएफ (दर्जाचा आकडा, जितका कमी तितका दर्जा चांगला) 14-15 ठेवा. जवळजवळ प्रत्येक फ्रेम नवी असल्यामुळे कमी बिटरेटवर चौकोन पडतात. टीव्हीवर दाखवणार असाल तर 'मोशन स्मूदिंग' बंद, नाहीतर तो स्वतःच्या मनाने मधल्या फ्रेम रंगवतो. आणि दाराशी कागद लावा: चित्र सेकंदाला तीनपेक्षा जास्त वेळा लखलखतं, फिट्सचा त्रास असणाऱ्यांनी सांभाळून.

गाळीव
चांगली प्रत कुठे मागायची?

अर्धा_पडदा
फिल्म्स डिव्हिजन 2022 मध्ये एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) विलीन झालं, त्यामुळे पत्र त्यांनाच. पत्रात वर्ष आणि दिग्दर्शकाचं नाव घाला, आणि 'स्कॅन 24 फ्रेमवर, इंटरलेस नको' हे स्पष्ट लिहा.