सर्वांत दुर्मीळ, पण सर्वांत मोलाचे आहे का? ‘डायब्लो २’मधील झॉड या मंत्रचिन्हाविषयी

धागाकर्ता

२००१ साली आलेल्या ‘लॉर्ड ऑफ डिस्ट्रक्शन’ या विस्ताराने ‘डायब्लो २’ या संगणकीय खेळाच्या सँक्च्युअरी या जगात रून, म्हणजे दगडावर कोरलेली मंत्रचिन्हे, आणली. ती एकूण ३३ आहेत. पहिले एल आणि शेवटचे झॉड. वस्तूच्या सॉकेटमध्ये, म्हणजे खाचेत, चिन्ह बसवले की त्याचा गुण वस्तूला लागतो आणि नेमके तेवढेच सॉकेट असलेल्या साध्या वस्तूत ठरावीक चिन्हे ठरावीक क्रमाने बसवली की त्यांचा रूनवर्ड तयार होतो.

माझे मत असे आहे की या साखळीच्या टोकाला बसलेले झॉड त्याच्या दुर्मीळपणाच्या मानाने फारच तोकडे आहे, कारण ते केवळ वस्तू अभंग करते, म्हणजे ती वापराने झिजून मोडत नाही. तिसावे चिन्ह बेर शस्त्रात बसवले तर शत्रूच्या उरलेल्या जीवशक्तीचा मोठा हिस्सा एका घावात तोडण्याची शक्यता २० टक्क्यांनी वाढते, आणि चिलखतात बसवले तर अंगावर येणारा शारीरिक मार ८ टक्क्यांनी घटतो. जाह, इथ आणि बेर या क्रमाने होणारा ‘एनिग्मा’ हा रूनवर्ड तर कोणत्याही पात्राला टेलिपोर्टची, म्हणजे क्षणात दुसऱ्या जागी पोहोचण्याची, विद्या देतो. याउलट झीज ही अडचण अशी आहे की जी गावातला लोहार थोड्या सोन्यात दूर करतो. खेळाडूंच्या आपापसांतील सौद्यांत बेर आणि जाह झॉडपेक्षा महाग जातात, ते उगाच नव्हे.

चकवा

लोहाराचा मुद्दा साध्या वस्तूंपुरताच खरा आहे. ईथिरियल वस्तूंना कोणताही लोहार हात लावत नाही. त्या मुळातच कमी टिकाऊ असतात आणि एकदा झिजल्या की संपल्या. त्या बदल्यात ईथिरियल शस्त्राचा मूळ घाव दीडपट असतो. म्हणजे अधिक बळ घ्या आणि त्याचा अंतही स्वीकारा, असा हा करार आहे. त्या करारातील दुसरी अट झॉड पुसून टाकते. बहुतेक चिन्हे आकडे वाढवतात, हे चिन्ह त्या जगाचा एक नियम तुमच्यापुरता रद्द करते, आणि असे चिन्ह शेवटच्या जागी असावे यात मला रचनाकारांची चूक दिसत नाही.

धागाकर्ता

करार सुंदर आहे, परंतु त्याला पळवाटा इतक्या आहेत की अट पुसण्याची गरज क्वचितच पडते. भाडोत्री साथीदाराच्या अंगावरील वस्तू झिजतच नाहीत, त्यामुळे त्याला ईथिरियल चिलखत आणि भाला खुशाल द्यावा, आणि बहुतेक अनुभवी खेळाडू तेच करतात. काही ईथिरियल वस्तू स्वतःच दुरुस्त होत राहतात. फेज ब्लेड ही तलवार जन्मतःच अभंग आहे, आणि २००३ च्या १.१० आवृत्तीनंतर तिच्यातला ‘ग्रीफ’ हा रूनवर्ड हातघाईच्या पात्रांचा लाडका झाला, तो झॉडविनाच. उरते ते आपल्या स्वतःच्या हातातले ईथिरियल शस्त्र, आणि तेवढ्यासाठी ३३वे चिन्ह खर्ची घालायचे?

उंबरठा

दोघेही बाजारभाव गृहीत धरून बोलत आहात. जो एकटा, इंटरनेटविना खेळतो, त्याच्यापाशी बाजारच नसतो, आणि त्याच्या दृष्टीने हा प्रश्न मुळातून बदलतो. होराड्रिक क्यूब या वस्तूंचे रूपांतर करणाऱ्या पेटीमध्ये चिन्हे वरच्या पायरीवर नेता येतात, खाली उतरवता येत नाहीत. वरच्या टप्प्यांत दोन समान चिन्हे आणि एक रत्न यांतून पुढचे चिन्ह होते: दोन बेरचे जाह, दोन जाहचे चॅम, दोन चॅमचे झॉड. म्हणजे एका झॉडसाठी आठ बेर द्यावी लागतील, आणि शुद्धीवर असलेला कोणीही ती देणार नाही. पण तेच झॉड एखाद्या राक्षसाकडून आपोआप पडले, तर ते मोडून बेर मिळवता येत नाही. वापरा किंवा पेटीत ठेवा, एवढेच हाती राहते.

शिवाय त्याच्या मागे लागण्याचा रस्ताही नाही. सर्वांत कठीण पातळीवर हेलफोर्ज ही मोहीम फार तर गुल या चिन्हापर्यंत देते, काउंटेस या राक्षसीच्या खास रूनांची मजल इस्ट या चिन्हापर्यंत जाते, आणि लोअर कुरास्ट या भागातल्या ज्या पेट्या एकटे खेळणारे चिकाटीने उघडत बसतात, त्यांची धाव बेरपाशी संपते. ज्याचा पाठलागच करता येत नाही, त्या चिन्हाला ‘मेहनतीच्या मानाने तोकडे’ म्हणणे मला पटत नाही.

धागाकर्ता

हा मुद्दा मान्य करूनही माझा आक्षेप उरतोच. पेटीत पडून राहिलेले चिन्ह हे रचनेचे अपयश आहे. अनेक वर्षे झॉडला ‘ब्रेथ ऑफ द डाइंग’ या एकाच रूनवर्डमध्ये स्थान होते, तेही वेक्स, हेल, एल, एल्ड, झॉड, एथ अशा सहा चिन्हांत पाचवे. ‘डायब्लो २ : रिझरेक्टेड’ या नव्याने घडवलेल्या खेळाच्या २०२२ मधील २.४ आवृत्तीत ‘ऑब्सेशन’ हा काठीसाठीचा दुसरा रूनवर्ड आला. कर्त्यांनाच याला अधिक काम द्यावेसे वाटले, यातच माझे म्हणणे आले.

चकवा

ते ‘एकच’ स्थान कोणते होते, तेही पाहावे. ‘ब्रेथ’ची मौज ईथिरियल बर्सर्कर अॅक्समध्ये आहे: दीडपट मूळ घाव, त्यावर ३५० ते ४०० टक्के वाढ, शत्रूच्या अंगातून १२ ते १५ टक्के जीवशक्ती खेचणे, आणि कुऱ्हाड कधीच मोडणार नाही याची हमी. ही हमी काढून घेतली तर ईथिरियल कुऱ्हाडीत वेक्ससारखे महागडे चिन्ह गुंतवण्याचे धाडस कोण करील? घाव मोजून ‘ग्रीफ’ अनेकदा सरस ठरतो हे मला ठाऊक आहे, तरी माझ्या बार्बेरियन या योद्ध्याच्या हाती मी ‘ब्रेथ’च देतो.

उंबरठा

एक सावधगिरी मात्र बाळगावी. हेल हे चिन्ह आणि टाउन पोर्टलचे, म्हणजे गावी परतण्याच्या मंत्राचे, पान त्या वस्तूसह क्यूबमध्ये घालून सॉकेट रिकामे करता येते खरे, परंतु त्यात आतले चिन्ह नष्ट होते. रूनवर्डमधले आकडे काही मर्यादेत कमी-अधिक पडतात, आणि वाईट पडले म्हणून झॉड परत मिळत नाही. त्यामुळे आधी कुऱ्हाड निवडा, तिचे सॉकेट दोनदा मोजा, क्रम लिहून समोर ठेवा. चिन्ह ६९व्या पातळीच्या आत चालतही नाही, तेव्हा घाईचे कारण नाही.